हे मी कधी म्हणालो?

गेल्या दिवाळीत नातू पुण्याहून आला, तो बॅगेत फटाक्यांऐवजी सिनेमांची यादी घेऊन. वय ११. यादी वहीच्या मागच्या पानावर, क्रमवार, आणि जे सिनेमे आबांनी पाहिलेच पाहिजेत त्यांच्यापुढे लाल फुली. पाचोऱ्यात दिवाळीच्या दिवसांत दुपारी दोन ते पाच या वेळेत माणसाला दुसरं काही करण्यासारखं नसतंच. फराळ अंगावर आलेला असतो, स्टेशन रोडवरची दुकानंसुद्धा अर्ध्या शटरखाली डुलक्या काढत असतात. तेव्हा मीही बसलो. सलग चार दुपारी चार सिनेमे. उडणारी माणसं, भिंतीवर चढणारी माणसं, हातातून ठिणग्या काढणारी माणसं.

पहिल्या दिवशी २००२ चा 'स्पायडरमॅन'. त्यात बेनकाका रस्त्यावर गोळी लागून जातात. दुसऱ्या दिवशी 'डॉक्टर स्ट्रेंज'. काठमांडूतल्या आश्रमातली ती डोक्याचा गोटा केलेली गुरू न्यूयॉर्कच्या इस्पितळात जाते. तिसऱ्या दिवशी माझा हट्ट म्हणून १९७८ चा 'सुपरमॅन' लावला. कॉलेजात असताना मी तो जळगावला पाहिला होता. त्यात शेतकरी बाप अंगणातच छातीवर हात धरून कोसळला, आणि नातवानं पडद्यावरची नजर न काढता विचारलं,

"आबा, दरवेळी सरच का मरतात?"

काका, बाप, गुरू, म्हातारा नोकर, जो कोणी हिरोला चार गोष्टी शिकवतो तो त्याच्या लेखी 'सर'. मी म्हटलं, सिनेमा संपू दे, मग सांगतो. सिनेमा संपला, चहा झाला, पण उत्तर काही मला सुचेना. खरं सांगायचं तर तो प्रश्न अजून माझ्या डोक्यातून गेलेला नाही.

सोपं उत्तर आहे, आणि ते गोष्ट लिहिणाऱ्या कोणालाही ठाऊक असतं. सर जिवंत राहिले तर प्रेक्षक विचारणार, मग सरच का लढत नाहीत? पोराला एकटं पाडल्याशिवाय ते पोर उडत नाही. बँकेत आम्ही हेच वेगळ्या अंगानं पाहिलं आहे. जामीनदार भक्कम असला की कर्जदार निवांत असतो. सिनेमावाले मध्यंतराच्या आत जामीनदार उचलतात, एवढंच.

पण सुपरमॅनच्या बाबतीत एवढ्यानं भागत नाही. हा उडता माणूस पहिल्यांदा १९३८ साली 'अॅक्शन कॉमिक्स'च्या पहिल्या अंकात आला. जेरी सीगल यानं तो लिहिला, जो शूस्टर यानं काढला. दोघं अमेरिकेतल्या क्लीव्हलंड गावचे, शाळेपासूनचे मित्र. सीगलच्या वडिलांचं जुन्या कपड्यांचं दुकान होतं. १९३२ मध्ये दुकानात चोर शिरले आणि त्या प्रसंगात वडील गेले. पुढे काही वर्षांनी त्याच मुलाच्या लेखणीतून असा माणूस उतरला, ज्याचं कोणी काही वाकडं करू शकत नाही. या दोन गोष्टींचा संबंध अभ्यासकांनी जोडला आहे. मला तो पटतो, कारण १९७८ च्या सिनेमात सगळ्यात खरा वाटणारा प्रसंग तोच आहे. बापाच्या दफनानंतर पोरगा म्हणतो ते थोडक्यात असं, की एवढी सगळी शक्ती अंगात आहे आणि मी यांना वाचवू शकलो नाही.

गंमत म्हणजे त्या सिनेमात सुपरमॅनला दोन बाप आहेत, म्हणजे दोन शिक्षक. एक जन्मदाता, मार्लन ब्रँडोनं केलेला. तो केव्हाच मेलेला आहे, पण स्फटिकांत आपला आवाज आणि चेहरा साठवून गेला आहे. पोराला बर्फाच्या महालात बसवून तो बारा वर्षं विश्वाचं ज्ञान शिकवतो. दुसरा कॅन्ससचा शेतकरी, ग्लेन फोर्डनं केलेला. त्याच्या वाट्याला दोन-चार प्रसंग. नातवाला मी विचारलं, तुला कोणते सर आवडले? तो म्हणाला, "शेतकरी. दुसरे नुसते यूट्यूबसारखे बोलतात."

स्पायडरमॅनची गोष्ट याहून मजेची आहे. तो जन्मला १९६२ साली, 'अमेझिंग फँटसी' या मासिकाच्या पंधराव्या अंकात, ११ पानांच्या गोष्टीत. लेखक स्टॅन ली, चित्रकार स्टीव्ह डिटको. ताकद आली की तिच्याबरोबर जबाबदारीही येते, अशा अर्थाचं त्यातलं वाक्य आज जगभरच्या पोरांना पाठ आहे, आणि ते बेनकाकांचं म्हणून पाठ आहे. पण मूळ गोष्टीत बेनकाका ते बोलतच नाहीत. त्यांना त्या ११ पानांत बोलायला फार जागाही नाही. ते वाक्य शेवटच्या चौकटीत येतं, पोरगा मान खाली घालून अंधारात चालत जातो तिथं, निवेदकाच्या तोंडी. काका तोवर गेलेले असतात. मेलेल्या काकांच्या तोंडी ते पुढे इतरांनी घातलं. आणि २००२ च्या सिनेमात तर काका मोटारीत बसून, पोराला वाचनालयाशी सोडताना, ते व्यवस्थित उच्चारतात. पोरगा उलट उत्तर देतो, तुम्ही माझे वडील नाही, वडील असल्याचं सोंग करू नका, असं काहीसं. दार आपटून जातो. ते त्यांचं शेवटचं संभाषण. २०२१ च्या सिनेमात हेच वाक्य मेकाकूकडे आलं, आणि बोलल्यावर काही मिनिटांत तीही गेली. नातू म्हणाला, "ते वाक्य बोललं की संपलंच."

आपल्याकडेही हा प्रकार नवा नाही. 'मिस्टर इंडिया'त बापानं लावलेला अदृश्य होण्याचा शोध बापाच्या मित्राकडून, प्रोफेसर सिन्हांकडून मिळतो, तो अशोककुमारांच्या हस्ते. १९९७ पासून दूरदर्शनवर 'शक्तिमान' लागायचा. त्याला सूर्यांशी ऋषींनी घडवलेलं, आणि भाग संपला की तोच पोरांना दात घासा, खोटं बोलू नका, असं सांगायला उभा. माझ्या मुलानं ते सगळं ऐकलं. दात तेवढे घासले.

बॅटमॅनचं प्रकरण मला जास्त विचार करायला लावणारं वाटलं. २००५ च्या 'बॅटमॅन बिगिन्स'मध्ये हिमालयातल्या एका मठात लियम नीसन त्याला लढायला शिकवतो. उत्तम शिक्षक. शिक्षण पुरं झाल्यावर गुरुदक्षिणा मागतो: या बांधलेल्या गुन्हेगाराचं डोकं उडव. शिष्य नकार देतो. विद्या घेतो, पण गुरूची आज्ञा मोडतो. एकलव्याची गोष्ट ऐकत वाढलेल्या आम्हा लोकांना हे पाहताना बरं वाटतं, हे कबूल करायला हरकत नाही. आणि त्याच मालिकेत आल्फ्रेड आहे, घरचा म्हातारा नोकर, मायकेल केननं केलेला. तो मरत नाही. जखमा शिवतो, जेवणाचं ताट आणतो, न पटलेलं तोंडावर सांगतो. २०१२ च्या शेवटच्या भागात नाही म्हणून निघूनही जातो. मी नातवाला म्हटलं, हे बघ, हे सर जिवंत आहेत. तो म्हणाला, "ते सर नाहीत, ते स्वयंपाक करतात."

चौथ्या दिवशी मुलगा म्हणाला, "बाबा, याला आपल्याकडचा सुपरमॅन दाखवा ना." म्हणजे मालेगावचा. पाचोऱ्याहून चाळीसगावमार्गे मालेगाव काही लांब नाही. जिल्हा नाशिक, पण आम्हाला ते शेजारच्या अंगणासारखं. यंत्रमागांचं गाव. तिथं नासिर शेख यांचं व्हिडिओ पार्लर होतं. परदेशी सिनेमे दाखवता दाखवता ते सिनेमा शिकले. शाळा नाही, संस्था नाही, गुरू नाही. पडद्यावर जे हलतं तेच शिकवणारं. चॅप्लिन, ब्रूस ली ही त्यांची मास्तर मंडळी. मग त्यांनी गावातल्या मित्रांना घेऊन 'मालेगाव के शोले' काढला, आणि पुढे 'मालेगाव का सुपरमॅन'. तो कसा काढला यावर फैजा अहमद खान यांनी २००८ साली माहितीपट केला, 'सुपरमेन ऑफ मालेगाव'. आम्ही तो पाहिला.

सुपरमॅन झाला होता शफीक शेख, मागावर काम करणारा. अंगानं इतका बारीक की त्याचा पोशाखच त्याला घालून फिरतो आहे असं वाटावं. हिरव्या पडद्यापुढे त्याला आडवं करून हवेत उडवायचं. शूटिंगमध्ये कॅमेरा पाण्यात पडला, तो वाळवायचा. आणि या सगळ्यात नासिरभाई कॅमेऱ्यामागून शांतपणे सांगताहेत, हात असा ठेव, मान वर. ज्याला कोणी शिकवलं नाही तो दुसऱ्याला उडायला शिकवतो आहे. नातू पोट धरून हसला. मीही हसलो.

नंतर मी त्याला सांगितलं की हा शफीक २०११ साली कर्करोगानं गेला. माहितीपट आपल्याकडे थिएटरात लागला तो २०१२ मध्ये. २०२५ साली रीमा कागती यांनी या मंडळींवर 'सुपरबॉइज ऑफ मालेगाव' काढला, त्यातही तो जातोच. नातू गप्प झाला. मग म्हणाला, "म्हणजे इथं सर राहिले आणि सुपरमॅन गेला." मी मान हलवली. त्याच्या यादीत हा प्रकार कुठंच नव्हता.

त्या रात्री मला आप्पा आठवले.

१९८३ च्या डिसेंबरातली गोष्ट. मी बँकेत नवा, कॅशच्या खिडकीत. कापूस एकाधिकार खरेदीचे दिवस, शेतकरी चेक घेऊन झुंबड करायचे. आप्पा आमचे हेडकॅशियर. पिवळट सदरा, कानात अत्तराचा फाया, नोटा मोजताना तोंडातून शब्द नाही. गाव वरखेडी. रोज पी.जे.नं, म्हणजे पाचोरा-जामनेर या आमच्या लहान गाडीनं येत-जात. पी.जे.च्या वेळेवर घड्याळ लावणारा माणूस पाचोऱ्यात शहाणा समजला जात नसे, पण आप्पांनी लावलं असतं तर ती गाडीही वेळेवर आली असती, असं आम्ही म्हणायचो.

त्या दिवशी संध्याकाळी रोकड जुळेना. पाचशे कमी. माझा पगार हजाराच्या आत. सगळी पाकिटं पुन्हा मोजली, चेकांच्या पाठीवर लिहिलेलं नोटांचं विवरण एकेक करून तपासलं. कुणाला तरी शंभराच्या पाच नोटा जास्त गेल्या होत्या, आणि तो माणूस बैलगाडीत बसून केव्हाच घरी पोचला होता. एक सहकारी चांगल्या मनानं म्हणाला, "काय भो, एवढ्यासाठी रजिस्टर कशाला खराब करतो? आम्ही शंभर-शंभर टाकतो, तू नंतर दे." मी आप्पांकडे पाहिलं. मला वाटलं, ते हो म्हणतील. त्यांनी रोकड कमी-जास्त झाल्याची नोंद करायचं रजिस्टर काढलं, माझ्यापुढे सरकवलं आणि टाक हातात दिला.

मी लिहिलं. तारीख, रक्कम, सही. नोकरीच्या पहिल्याच वर्षी नावापुढे डाग. पुढे पगारातून हप्त्यानं पाचशे कापले गेले. तो शेतकरी कधी आला नाही.

या सगळ्यात आप्पांची संध्याकाळची गाडी गेली. ते माझ्या खोलीवर आले. मी रागानं एक शब्द बोललो नाही. खिचडी टाकली, ती दोघांनी खाल्ली. ते भिंतीकडे तोंड करून झोपले. सकाळी मी उठलो तेव्हा त्यांचं अंथरूण घडी करून ठेवलेलं होतं, आणि माझं पांघरूण, जे रात्री लाथाडलं गेलं होतं, तेही. जाताना दारात एवढंच म्हणाले, "दहाला पाच कमी असताना ये." उपदेश नाही, धीर नाही, पाठीवर हात नाही.

आमच्या खानदेशात शिक्षकाचं नाव निघालं की साने गुरुजींचं नाव निघतं. १९२४ ते ३० अशी सहा वर्षं ते अमळनेरच्या प्रताप हायस्कुलात होते. वसतिगृहातल्या मुलांची अंथरुणं-पांघरुणं स्वतः आवरणारे शिक्षक म्हणून त्यांच्या आठवणी सांगितल्या जातात. हे लहानपणी वाचलं तेव्हा मला ते फार गोड-गोड वाटलं होतं. मला मात्र त्यांची दुसरी एक गोष्ट मोलाची वाटते. १९३२ साली धुळ्याच्या तुरुंगात विनोबा दर रविवारी गीतेवर बोलत, आणि गुरुजी ते बोलणं जागच्या जागी उतरवून घेत. २१ फेब्रुवारी ते १९ जून, अठरा अध्याय. 'गीता प्रवचने' त्यातून झाली. विनोबा तेव्हा ३६ वर्षांचे, गुरुजी ३२ चे. वयात अंतर असं नव्हतंच. स्वतः मास्तर असलेला माणूस खाली बसून दुसऱ्याचे शब्द लिहून घेतो, समोरचा जिवंत आहे, समोर बसला आहे, चूक झाली तर विचारता येते.

मी असं केलं नाही. १९९६ साली माझी पहिली कादंबरी आली. तिच्यात एक हेडकॅशियर आहे, कानात अत्तराचा फाया असलेला. नायक तरुण कारकून. रोकड पाचशेनं कमी येते. इथपर्यंत सगळं जसंच्या तसं. पुढे मी काय केलं, तर तो हेडकॅशियर रात्री खिडकीतून बाहेर पाहत नायकाला म्हणतो, "पोरा, नोट मोजताना माणूस मोजायचा नसतो." आणि दुसऱ्या दिवशी सकाळी शेतकरी पाचशे रुपये परत घेऊन दारात उभा. रजिस्टर कोरं राहतं. वाचकांना तो प्रसंग फार आवडला. एका वाचनालयाच्या कार्यक्रमात सूत्रसंचालकानं ते वाक्य माझ्या ओळखीतच म्हटलं, टाळ्या पडल्या. मीही हात जोडले.

आप्पा तेव्हा निवृत्त झालेले. पुस्तक मी त्यांना पोस्टानं पाठवलं होतं, स्वतः जाऊन दिलं नव्हतं. का, ते आता कळतं. वर्षभरानं ते स्टेशनवर भेटले, पी.जे.ची वाट पाहत बाकावर. पिशवीत मेथीची जुडी. पुस्तक वाचलं म्हणाले. मग बराच वेळ रुळांकडे पाहत बसले आणि म्हणाले, "ते माणूस मोजायचं वगैरे, हे मी कधी म्हणालो?"

मी हसून म्हटलं, "आप्पा, कादंबरी आहे. तुमच्याकडून शिकलो ते लिहिलं."

"आणि तो शेतकरी?"

"तोही कादंबरीतलाच."

"तो आला नव्हता," आप्पा म्हणाले. "नोंद केली होती आपण."

गाडी आली. मेथीची जुडी सांभाळत ते चढले. ती गाडीही आता नाही. २०२० साली बंद झाली, रुंद मार्गाचं काम निघालं.

त्यानंतर २००४ मध्ये माझी बदली पुन्हा पाचोऱ्याला झाली, या वेळी अधिकारी म्हणून, काचेच्या केबिनमध्ये. महिन्याच्या पहिल्या तारखेला पेन्शनवाल्यांची रांग लागायची. त्यात आप्पा, पासबुक प्लास्टिकच्या पिशवीत. पहिल्या महिन्यात मी शिपायाला पाठवलं, त्यांना आत बोलाव, खुर्ची दे, पैसे इथंच आणून देऊ. शिपाई एकटाच परत आला. "ते म्हणतात, रांगेत माणसं आहेत." मी उठून बाहेर जायला हवं होतं. टेबलावर फायली होत्या, समोर कर्जदार बसलेला, गेलो नाही. पुढच्या महिन्यातही गेलो नाही. ते खिडकीशी पोचले की नोटा दोनदा मोजत, आणि आतल्या पोराला काही तरी म्हणत. एकदा मी त्या पोराला विचारलं, काय म्हणतात रे? तो म्हणाला, "काही नाही साहेब, स्पंज ओला ठेव म्हणतात."

२००९ मध्ये ते गेले. मी तेव्हा बदलीनं विदर्भात होतो. कळलं ते तेराव्यानंतर.

सिनेमात सर मध्यंतराच्या आत जातात हे शिष्याच्या फार सोयीचं आहे, हे मला त्या रात्री पहिल्यांदा दिसलं. मेलेले बेनकाका कधी येऊन विचारणार नाहीत की हे वाक्य माझ्या नावावर कोणी टाकलं. ब्रँडोचा स्फटिक ठरलेलं तेवढंच बोलणार. आपले सर मात्र सव्वीस वर्षं जगतात, मेथी घेऊन गाडीची वाट पाहतात, पुस्तक वाचतात, दर महिन्याला रांगेत उभे राहतात. आणि त्यांच्या डोळ्यांसमोर आपण काचेच्या आड बसलेले असतो.

पाडव्याच्या दिवशी नातवाला हे सगळं सांगितलं. इतकं बारीक नाही, पण पाचशे रुपये, खिचडी, पांघरूण, स्टेशन, एवढं सांगितलं. तो लाडू खात ऐकत होता. आप्पांना काही शक्ती वगैरे होती का, असं त्यानं विचारलं नाही, याचं मला बरं वाटलं. त्यानं वेगळंच विचारलं.

"मग आबा, पुस्तकात तुम्ही बदललं का नंतर? दुसऱ्या आवृत्तीत?"

मी म्हटलं, "दुसरी आवृत्ती निघालीच नाही रे."

तो जरा विचारात पडला. मग वहीचं मागचं पान उघडलं, सिनेमांच्या यादीखाली रेघ मारली आणि पेन माझ्या हातात देत म्हणाला, "तारीख कोणती होती?"